परिभाषेची गाठ

दर रविवारी सकाळी इंदुरातील आमच्या घराच्या ओसरीवर आसपासची आठ-दहा मराठी मुले जमतात. आठवडाभर ती हिंदी वा इंग्रजी माध्यमाच्या शाळांत शिकतात. घरची भाषा त्यांना लिहिता-वाचता यावी, एवढ्यासाठी आईवडील त्यांना माझ्याकडे धाडतात. एका रविवारी त्यांतील एका चुणचुणीत मुलाला मी सामान्यरूपाची व्याख्या विचारली. विभक्तिप्रत्यय लागण्यापूर्वी नामाच्या वा सर्वनामाच्या रूपात होणारा बदल म्हणजे सामान्यरूप, हे त्याने एका दमात म्हणून दाखवले. मी शाबासकी देतो न देतो तोच तो पाय झटकत ओरडला, "गुरुजी, माझ्या पायला मुंगी चावली!"

मुलांपैकी कोणीही हसले नाही. 'पायला' म्हणण्यात काही चुकले आहे, हे एकाच्याही कानाला खटकले नव्हते. व्याख्या पाठ होती. ज्या गोष्टीची ती व्याख्या, ती गोष्ट मात्र जिभेवरून निसटून चालली होती. हा दोष त्या मुलाचा नव्हे. आधी व्याख्या आणि मागाहून उदाहरण, याच क्रमाने मीही तीस वर्षे व्याकरण शिकवीत आलो आहे.

त्या दिवशी व्याख्या बाजूला ठेवून आम्ही संज्ञेचीच गाठ सोडली. 'सामान्य' म्हणजे साधारण वा क्षुल्लक नव्हे. सामान्य म्हणजे सर्वांना समान असलेले. घराला, घरात, घराने, घराचा: प्रत्यय बदलले, पण 'घरा' हे रूप सर्वांत समान राहिले. म्हणून ते सामान्यरूप. भिंतीचे 'भिंती', जिभेचे 'जिभे', पायाचे 'पाया'. हिंदीत 'घर को', 'घर में' असे म्हणताना घर जसेच्या तसे राहते. दिवसभर ती भाषा कानांवर पडणाऱ्या मुलाने 'पायला' म्हणावे, यात नवल ते काय?

वाचकहो, परिभाषा म्हटली की आपल्याला धडकी भरते. परंतु बहुतेक पारिभाषिक शब्द म्हणजे एखाद्या संपूर्ण वाक्याची बांधलेली पुरचुंडी असते. ज्या संज्ञेचा अर्थ तिच्या नावातूनच उलगडतो, तिला आपल्या परंपरेने 'अन्वर्थ संज्ञा' असे नाव दिले आहे. सगळ्याच संज्ञा अशा नसतात. पाणिनीने शब्दातील शेवटच्या स्वरापासून पुढच्या भागाला 'टि' म्हटले. सुमारे चार हजार सूत्रांत संपूर्ण संस्कृत भाषा बसवणाऱ्या त्या आचार्याला एकेका अक्षराची काटकसर करायची होती. 'टि'ची गाठ सोडू म्हटले तर आत काही सापडत नाही. ती लक्षातच ठेवावी लागते. मात्र शालेय मराठी व्याकरणात अशा संज्ञा फारशा नाहीत.

प्रयोगांचेच पाहा. कर्तरी, कर्मणी, भावे ही नावे आपण पाढ्यांसारखी पाठ केली. ती संस्कृतातील सप्तमीची रूपे आहेत, हे आपल्याला क्वचितच कोणी सांगितले. कर्तरी म्हणजे कर्त्याच्या ठायी, कर्मणी म्हणजे कर्माच्या ठायी, भावे म्हणजे भावाच्या, अर्थात क्रियेच्याच ठायी. क्रियापद कोणाच्या ओढीने वळते, एवढाच प्रश्न त्या नावांत आहे. 'सुधा आंबा खाते' आणि 'रमेश आंबा खातो' यांत ते कर्त्यामागे जाते. 'सुधाने आंबा खाल्ला, चिंच खाल्ली, बोर खाल्ले' यांत सुधा तीच, पण क्रियापद कर्मामागे वळले. 'सुधाने मांजरांना हाकलले' यात ते कर्त्याकडेही पाहत नाही आणि कर्माकडेही नाही. नपुंसकलिंगी एकवचनात स्वतःपुरते उभे राहते.

आपल्या घरांतील दुसरी पडझड याच नपुंसकलिंगाची आहे. हिंदीत लिंगे दोन, मराठीत तीन. 'माझा पुस्तक' आणि 'बोर खाल्ला' असे बोलणारे मूल व्याकरण विसरलेले नसते. त्याच्या घरातून एक लिंग गुपचूप निघून गेलेले असते. त्या लिंगाला नाव असल्यामुळेच ते गेल्याचे आपल्याला कळते.

याहून सूक्ष्म गोष्ट उच्चाराची. 'चार माणसे' आणि 'वासराला गवत चार' या दोहोंतील 'च' मोठ्याने उच्चारून पाहा. पहिला 'च' तालव्य, म्हणजे जीभ टाळूकडे नेणारा. दुसरा दंततालव्य, म्हणजे दातांशीही सलगी करणारा. 'जरा थांब' मधील 'ज' आणि वार्धक्य या अर्थाच्या 'जरा' मधील 'ज' यांतही तोच भेद आहे. 'चिंच' या एवढ्याशा शब्दात दोन्ही 'च' शेजारी नांदतात. नेहमीच्या छपाईत मात्र दोहोंना एकच अक्षर. म्हणजे हा भेद लिपीत नाही. तो आजीच्या तोंडात आहे आणि 'दंततालव्य' या एका अवघड शब्दात आहे. चूल, चाक, चमचा हे शब्द नातवाच्या तोंडी हिंदी वळणाने येऊ लागले, तर नुसते पुस्तक वाचून तो भेद परत यायचा नाही.

अलंकारांची नावे तर याहून लोभस. भरताच्या नाट्यशास्त्रात अलंकार अवघे चार होते: उपमा, रूपक, दीपक आणि यमक. पुढे अप्पय्य दीक्षितांच्या 'कुवलयानंदा'त त्यांची संख्या शंभरावर गेली. 'पाण्याने विहीर, धान्याने कोठार आणि मुलांनी घर शोभते' या वाक्यात शेवटचे एक क्रियापद तिन्हींवर प्रकाश टाकते. म्हणून तो दीपक, म्हणजे दिवा. 'व्याज' म्हणजे बहाणा. "काय गुणाचा बाळ! सकाळपासून पुस्तकाला त्याने बोटसुद्धा लावून त्रास दिला नाही," असे आजी म्हणते, तेव्हा ती स्तुतीच्या बहाण्याने निंदा करीत असते. ही व्याजस्तुती. 'अपह्नुती' म्हणजे नाकारणे. सासरी निघालेल्या लेकीकडे पाहून "हे डोळे नव्हेत, श्रावणातले ढग आहेत" असे कोणी म्हटले, तर डोळे नाकारून ढगांची स्थापना झाली. ही नावे कवींसाठी घडली खरी. पण त्यांनी दाखवलेली वळणे आपल्या माजघरात रोज ऐकू येतात.

दादोबा पांडुरंग तर्खडकरांचे 'महाराष्ट्र भाषेचे व्याकरण' १८३६ साली प्रसिद्ध झाले आणि मोरो केशव दामले यांचे 'शास्त्रीय मराठी व्याकरण' १९११ साली. लोकांच्या तोंडी आधीपासून असलेल्या भाषेला त्यांनी नियमांत मांडले. महाराष्ट्रातील मुलाला ती भाषा अंगणात आणि बाजारात फुकट मिळते. आपल्या मुलांना ती मिळण्याचे ठिकाण बहुधा एकच, ते म्हणजे आपले घर. म्हणून घरात काय निसटते आहे, याची नावे आपल्याला ठाऊक हवीत.

त्यासाठी मुलांकडून व्याख्या घोकून घेऊ नयेत. जेवताना मूल 'हातने' म्हणाले, तर रागावू नये आणि हसूही नये. 'हाताने, हातात, हाताला' असे तीन शब्द सहज आपल्या बोलण्यात यावेत. मुलाच्या कानाला ते रूप ओळखीचे झाले, की मग त्याचे नाव सांगावे. आमच्या ओसरीवर आता मीही उदाहरणे आधी घेतो आणि व्याख्या शेवटी. परवा त्याच मुलाने मला विचारले, "गुरुजी, इंदूरला म्हणायचे, मग पुणेला का नाही?" पुस्तकातली व्याख्या त्याने पाठ म्हटली होती, त्या दिवसापेक्षा मला या प्रश्नाचा आनंद अधिक झाला. येत्या रविवारचा पाठ त्यावरच आहे.