मालगुडीचा मुक्काम आगुंबे
आर. के. नारायण यांचे पडद्याशी एकदा बिनसले होते. १९६५ च्या ‘गाइड’ चित्रपटाने त्यांचे काल्पनिक मालगुडी उचलून थेट राजस्थानात नेऊन ठेवले. उदयपूर-जयपूरची शान दिसली, नारायणांचे गाव गायब! आपली नाराजी त्यांनी लेख लिहून जाहीर केली. अशा लेखकाची ‘स्वामी अँड फ्रेंड्स’ ही १९३५ची छोटेखानी कादंबरी ऐंशीच्या दशकात दूरदर्शनवर आणायची, म्हणजे धाडसच.

ते शंकर नाग यांनी केले. कन्नड चित्रपटांत नाव मिळण्याआधी मुंबईत मराठी नाटके केलेला हा माणूस. गंमत म्हणजे, जागा त्यांनीही बदललीच. कादंबरीतले मालगुडी सरयूकाठचे, दक्षिणेतल्या सपाटीवरचे. चित्रीकरण झाले शिमोगा जिल्ह्यातल्या आगुंबेत, सह्याद्रीच्या माथ्यावर, धो धो पावसाच्या गावात. उतरती कौले, ओसरी, लाल माती. मराठी प्रेक्षकाला ते कोकणातलेच वाटावे. तरीही इथे कुणाला काही खटकले नाही. ‘गाइड’मध्ये गावाचा आकारच बदलला होता; आगुंबेत शाळा, घर आणि मित्राची गल्ली दहा वर्षांच्या पोराच्या पावलांनी मोजता येत होती.

खरी अडचण वेगळीच होती. वडील आंब्यांच्या किमतीचे गणित घालतात आणि कादंबरीचा छोटा नायक स्वामी याला प्रश्न पडतो तो आंबे पिकलेत की कच्चे, याचा. कादंबरीत ही सगळी धांदल पोराच्या डोक्यात चालते आणि नारायण ती कोरड्या चेहऱ्याने सांगतात. कॅमेऱ्याला डोक्यात शिरता येत नाही. नागांनी त्यावर निवेदनाचा मारा केला नाही. स्वामी झालेल्या मास्टर मंजुनाथचे टपोरे डोळे आणि समोर वडील म्हणून गिरीश कार्नाड, एवढ्यावर त्यांनी भिस्त ठेवली. कार्नाडांनी नुसती मान वर केली तरी घर चिडीचूप होई. आर. के. लक्ष्मण यांची रेखाचित्रे आणि एल. वैद्यनाथन यांची धून यांनी उरलेला मिश्कीलपणा सांभाळला. ती धून तर आजही कुणीही गुणगुणते.

सगळेच साधले असे नाही. मालिका हिंदी आणि इंग्रजी अशा दोन्ही भाषांत झाली. हिंदीत कधीकधी पोरे पाठ केल्यासारखी बोलतात. स्वामी क्रिकेटचा सामना चुकवतो, त्याचा मित्र राजम रुसतो, गाव सोडतो, त्या वेळी मात्र भाषेची आठवणही होत नाही.

१९९० मध्ये मोटार अपघातात नाग गेले, अवघ्या पस्तिसाव्या वर्षी. पुढे दिग्दर्शिका कविता लंकेश यांनी मालिकेचे नवे भाग केले. चित्रीकरणात वापरलेल्या अरसाळू स्थानकातल्या जुन्या इमारतीत रेल्वेने २०२० मध्ये मालगुडी संग्रहालय उघडले.