रणाचा खेळ आणि कोठीचा हिशेब

उन्हाळ्याची सुटी लागली कीं परतुरासारख्या गांवांतील मोठीं घरें पुन्हां भरूं लागतात. पुण्याहून, मुंबईहून, हैदराबादेहून नातवंडें आगगाडीनें येतात आणि दुपारच्या उन्हांत बाहेर पडण्याची सोय नसल्यामुळें माजघरांत कांहीं ना कांहीं डाव मांडला जातो. पूर्वीं हा डाव सोंगट्यांचा, बुद्धिबळाचा किंवा पत्त्यांचा असे. आतां तो पुष्कळदां संगणकाच्या पडद्यावर असतो. वडील मंडळींस हा पालट फारसा रुचत नाहीं. पडद्यावरून घोड्यांच्या टापा आणि तलवारींचा खणखणाट ऐकूं येतो, आणि यांतून मुलें शिकतात तरी काय, असा प्रश्न आजोबा विचारतात. प्रश्न योग्य आहे. परंतु त्याचें उत्तर सरसकट देतां येत नाहीं, कारण पडद्यावरचे सर्व खेळ एका जातीचे नव्हेत. कित्येक केवळ बोटांच्या चपळाईचे असतात, तर कित्येक निव्वळ द्यूत असतात. मात्र एक जात अशी आहे, कीं तिच्यांत प्रावीण्य मिळविणारा मनुष्य आधीं चांगला कारभारी असावा लागतो आणि मागाहून सेनापति. त्या जातीचे डावपेंच खेळणाऱ्या मुलांस उपयोगी पडावेत आणि न खेळणाऱ्या वडिलांस समजावेत, एवढ्यासाठीं हा लेख आहे.

बुद्धिबळांत एकाची खेळी झाली म्हणजे दुसरा विचार करीत बसतो. तोंवर पट स्तब्ध असतो. या नव्या खेळांत पाळी ही वस्तुच नाहीं. दोन्ही पक्ष एकाच वेळीं हालचाल करितात. तुम्ही विचार करीत बसलां तरी प्रतिपक्षाचे लांकूडतोडे झाडावर घाव घालीतच असतात. वेस्टवुड कंपनीनें १९९२ सालीं काढलेल्या 'ड्यून २' या खेळानें या पद्धतीस निश्चित रूप दिलें. पुढें 'एज ऑफ एम्पायर्स' हा खेळ १९९७ सालीं आणि त्याचा दुसरा भाग १९९९ सालीं निघाला. हा दुसरा भाग नव्या सजावटीनें २०१९ सालीं पुन्हां प्रसिद्ध झाला असून २०२२ सालच्या पुरवणींत त्यांत गुर्जर, द्रविड व बंगाली हे पक्ष नव्यानें आले आणि पूर्वींच्या एकाच 'भारतीय' पक्षास हिंदुस्थानी असें नांव मिळालें. पुढील विवेचन याच खेळास धरून केलें आहे; कारण एका खेळाचीं तत्त्वें नीट कळलीं म्हणजे त्या जातीच्या इतर खेळांत तीं थोड्या फरकानें लागू पडतात.

नेहमींच्या डावाच्या आरंभीं प्रत्येकाजवळ एक मुख्य वाडा, तीन गांवकरी, एक टेहळ्या आणि थोडीशी शिल्लक असते : अन्न २००, लांकूड २००, सोनें १०० व दगड २००. नवखा खेळाडू लागलींच शिपाई जमविण्याच्या नादीं लागतो, आणि तेथेंच त्याचा डाव फसतो. मुख्य वाड्यांत एक नवा गांवकरी तयार होण्यास ५० अन्न आणि खेळांतील घड्याळाचे २५ सेकंद लागतात. म्हणजे वाडा एक क्षणहि रिकामा न राहिला, तर पहिल्या दहा मिनिटांत २४ गांवकरी निर्माण होतात. तोच वाडा इकडे तिकडे लक्ष गेल्यामुळें मिळून दोन मिनिटें रिकामा राहिला, तर जवळजवळ पांच माणसें कमी होतात. आणि त्या पांच माणसांनीं पुढें अर्धा तास जें मिळविलें असतें, तेंहि सर्व बुडतें. मुद्दल बुडालें म्हणजे व्याजहि बुडतें, हें सावकारी गणित येथें अक्षरशः खरें ठरतें. म्हणून पहिला नियम असा, कीं वाडा रिकामा ठेवूं नये, आणि एकहि गांवकरी हात बांधून उभा राहूं देऊं नये. अशा रिकामटेकड्यास शोधून देणारी एक कळच खेळांत ठेविलेली आहे. तिजवर बोट वारंवार गेलें पाहिजे.

माणसें वाढलीं म्हणजे त्यांची वांटणी आली. सामान्यतः पहिले सहा मेंढ्यांवर, पुढचे तीन-चार लांकडावर, आणि त्यानंतरचे फळझुडपांवर व शिकारीवर लावावे. घर बांधण्यास २५ लांकूड लागतें व त्यांत पांच माणसांची सोय होते. तें घर गरज पडण्यापूर्वीं उभें असलें पाहिजे. पाहुणे दारांत आल्यावर पाणी भरण्यास निघणारा गृहस्थ आणि जागा संपल्यावर घर बांधावयास घेणारा खेळाडू, दोघांची फजिती सारखीच. शेतास ६० लांकूड लागतें. म्हणून मेंढ्या व शिकार संपत आल्या, कीं आधींच लांकूड सांठवून शेतें एकेक करून मांडीत जावें. ज्या घरांत वीस पानांची पंगत रोज उठते, त्या घरांतील आजीस यांत नवें असें कांहींच वाटणार नाहीं. पीठ संपण्यापूर्वीं दळण टाकणें, चूल मोकळी न ठेवणें आणि एका सुनेच्या हातचें काम उरकण्याच्या आंतच दुसरें योजून ठेवणें, हीच विद्या येथें पडद्यावर आलेली आहे.

दुसरा नियम पहिल्याच्या उलट बाजूनें सांगतां येईल : कोठी भरून ठेवूं नये. संसारांत सांठा हा आधार असतो, परंतु खेळांत पडून राहिलेलें धान्य म्हणजे न जन्मलेला शिपाई होय. पहिल्या युगांतून दुसऱ्यांत जाण्यास ५०० अन्न, आणि दुसऱ्यांतून तिसऱ्यांत जाण्यास ८०० अन्न व २०० सोनें लागतें. हा खर्च ठरलेला असल्यामुळें तेवढ्यापुरता संचय योग्यच. एरवीं मात्र शिल्लक वाढूं लागली, कीं आपल्या कारभारांत कोठें तरी खोळंबा झाला आहे असें समजावें. एक कारखाना अधिक बांधावा, नांगर सुधारावा, किंवा शिपाई घ्यावे; पण जमविलेलें कामीं लावावें.

तिसरा नियम टेहळणीचा. आरंभीं नकाशा काळोखानें झांकलेला असतो. टेहळ्यास घराभोंवतीं वाढत्या फेऱ्यांनीं फिरवून आधीं आपल्या मेंढ्या, सोनें व रानें शोधावीं, आणि मग प्रतिपक्षाचें दार गांठावें. त्यानें घोड्यांच्या पागा बांधल्या असतील तर आपण भालाईत ठेवावेत. तो तिरंदाज जमवीत असेल तर ढालाईत भालाफेके किंवा घोडेस्वार तयार करावे. भालाईतांवर तिरंदाज सोडावे. प्रत्येक हत्यारास उतारा आहे, म्हणून एकाच जातीच्या फौजेवर जीव जडवूं नये. आणखी एक गोष्ट ध्यानांत ठेवावी : एकदां पाहिलेली जागा नंतर धूसर दिसते, म्हणजे ती बातमी शिळी झालेली असते. शिळ्या बातमीवर लढाई मांडणारा हटकून फसतो.

या नियमाचें खरेंखुरें उदाहरण पाहण्यास वाचकांस फार दूर जावें लागणार नाहीं. परतूर तालुका ज्या जालना जिल्ह्यांत १९८१ पासून आहे, त्याच जिल्ह्याच्या उत्तर भागांत केळणा आणि जुई या नद्यांच्या बेचक्यांत असई हें गांव आहे. तेथें २३ सप्टेंबर १८०३ रोजीं दौलतराव शिंदे व नागपूरकर रघूजी भोसले यांच्या फौजेची आर्थर वेल्स्लीच्या इंग्रजी फौजेशीं गांठ पडली. दोन इंग्रजी फौजांनीं निरनिराळ्या वाटांनीं येऊन दुसऱ्या दिवशीं एकत्र हल्ला करावा, असा वेल्स्लीचा मूळ बेत होता. परंतु शत्रु अपेक्षेपेक्षां पुष्कळ जवळ आहे अशी बातमी लागतांच स्टीव्हन्सनच्या फौजेची वाट न पाहतां त्यानें एकट्यानें चाल केली. त्याजपाशीं सुमारें साडेनऊ हजार माणसें होतीं. समोर कवायती पायदळच दहा हजारांवर, शिवाय मोठें घोडदळ आणि शंभराच्या आसपास तोफा होत्या. मधें केळणा नदी. आणि वाटाडे सांगत, कीं जवळपास दुसरा उतार नाहीं. वेल्स्लीनें दुर्बिणींतून पाहिलें तों नदीच्या दोन्ही कांठांस समोरासमोर दोन गांवें दिसलीं. दोन गांवें इतकीं जवळ वसलीं असतां त्यांच्यामधें येण्याजाण्यास उतार नसेल हें संभवत नाहीं, असें त्यानें अनुमान केलें. आणि तेवढ्यावर न थांबतां माणूस पाठवून खात्री करून घेतली. उतार निघाला, आणि फौज मराठ्यांच्या बगलेवर उतरली. अनुमान करावें आणि मग टेहळ्या पाठवून तें पडताळावें, हा क्रम खेळणाऱ्यानें पक्का ध्यानांत ठेवावा.

पण याच लढाईंत दुसऱ्या बाजूचाहि धडा आहे. शिंद्यांच्या कवायती पलटणींचा सरदार पोलमन हा गाफील राहिला नाहीं. त्यानें आपली सबंध रांग फिरवून नव्या दिशेस तोंड केलें. ती हालचाल इतकी सफाईनें झाली, कीं इंग्रजांस समोरून तोफांच्या मारांत शिरावें लागलें. त्यांतच त्यांच्या उजव्या बाजूच्या तुकडीचा हुकूम समजण्यांत घोटाळा होऊन ती असई गांवाकडे भरकटली आणि तिच्यामागून जाणारी ७४ वी पलटण जवळजवळ कापली गेली. इतकें असूनहि मराठ्यांचा पराभव झाला. पायदळ व तोफखाना शौर्यानें लढले. परंतु अफाट घोडदळ निर्णायक वेळीं उपयोगी पडलें नाहीं, आणि साऱ्या फौजेवर एका मनाची हुकमत राहिली नाहीं. संख्या मोठी असणें निराळें आणि ती योग्य वेळीं योग्य जागीं असणें निराळें. दोनशें माणसांची फौज पडद्यावर जमवून, तिचा अर्धा भाग घरामागें विसरून जाणारे खेळाडू रोज दिसतात.

वेल्स्लीच्या यशामागें आणखी एक कारण होतें, आणि तें पुन्हां कोठीकडेच नेतें. म्हैसूरचे अमृतमहाल जातीचे बैल आणि बंजाऱ्यांचे धान्य वाहणारे तांडे यांची व्यवस्था त्यानें जातीनें पाहिली होती. त्यामुळेंच ऐन पावसाळ्यांत दख्खनच्या काळ्या चिखलांतून त्याची फौज चालूं शकली.

चौथा आणि सर्वांत कठीण नियम लक्षाचा. या खेळांत अन्न, लांकूड, सोनें व दगड यांच्याहून दुर्मिळ वस्तु खेळणाऱ्याचें अवधान ही होय. लढाई पाहण्यांत मन गुंतलें, कीं मागें घरीं शेतें ओस पडतात. यावर उपाय असा, कीं नजरेची एक ठराविक फेरी लावून घ्यावी : वाडा, शिल्लक, घरांची जागा, रिकामे गांवकरी, नकाशा, आणि मग फौज. देवघरांतील नित्यक्रमाप्रमाणें ही फेरी न चुकतां चालली पाहिजे. फौजेच्या तुकड्यांस अंक नेमून ठेवावे, म्हणजे एका कळीसरशी ती तुकडी हातीं येते. आणि हरलेला डाव पुन्हां पाहावा. खेळ तो नोंदवून ठेवूं शकतो. आपण लढाईंत हरलों असें वाटतें, पण बहुधा दहाव्या मिनिटालाच वाडा रिकामा पडलेला आढळतो.

आतां वडिलांच्या प्रश्नाकडे वळूं. वेळेची किंमत शिकविणारा हा खेळ वेळ गिळणाराहि आहे. एक डाव अर्धा-पाऊण तास, केव्हां त्याहूनहि अधिक चालतो आणि हरलेल्यास लगेच दुसरा हवा असतो. जागतिक आरोग्य संघटनेनें २०१९ सालीं मान्य केलेल्या रोगांच्या वर्गीकरणांत खेळाच्या व्यसनाचाहि समावेश आहे. खेळावरील ताबा सुटणें, इतर सर्व गोष्टींहून खेळास महत्त्व देणें आणि नुकसान दिसत असूनहि तो चालूच ठेवणें, हीं त्याचीं लक्षणें होत. तास मोजून तें ठरत नाहीं. म्हणून अभ्यास, झोंप आणि घरांतील माणसांशीं बोलणें यांस ओहोटी लागली आहे काय, हें पाहावें.

घरांत नियम करावयाचा तो घड्याळावर न करतां डावांवर करावा. "सहा वाजतां बंद" असें म्हटल्यास ऐन डावांत यंत्र बंद करावें लागतें, दूरच्या सोबत्यांस मधेंच सोडून जावें लागतें, आणि त्यावरून घरांत रोज रडारड होते. त्याऐवजीं "आज एक डाव" असें आधींच ठरवावें; मग काका असोत वा आजोबा, कोणीं मधें उठवूं नये, आणि डाव संपतांच मुलानें न सांगतां उठावें. यंत्राविरुद्ध एकटें खेळतांना डाव थांबवितां येतो. म्हणून लहानांनीं तसेंच आरंभ करणें बरें. अनोळखी माणसांशीं होणाऱ्या लेखी संभाषणावर मोठ्यांची नजर असावी. आणि पैसे लावून खेळावयाच्या खेळांस यांच्या पंक्तीस बसवूं नये. तसल्या ऑनलाइन खेळांवर २०२५ च्या ऑगस्टांत संसदेनें कायद्यानें बंदी घातली आहे.

सर्वांत चांगला उपाय मात्र शेजारीं बसण्याचा आहे. आजोबांनीं एक डाव पाहावा आणि "तुझी कोठी भरलेली कां ?" एवढेंच विचारावें. नातवास लढाईखेरीज दुसरेंहि कांहीं पाहावयाचें असतें, हें त्या एका प्रश्नानें कळेल. आणि आजोबांसहि मूल नुसतें मारामारी करीत नाहीं, हें दिसेल.

एक गोष्ट मात्र खेळ शिकवूं शकत नाहीं. पडद्यावर पन्नास अन्न दिलें कीं नवा मनुष्य उभा राहतो. असईस एका दुपारीं इंग्रजांकडीलच सुमारें सोळाशें माणसें मारलीं गेलीं किंवा जखमी झालीं. मराठ्यांकडील हानि त्याहून पुष्कळ मोठी होती, आणि त्यांतील बहुतेकांचीं नांवें कोठेंच लिहिलेलीं नाहींत. परतुराहून आगगाडीनें जालन्यास आणि तेथून भोकरदनच्या वाटेनें मोटारीनें गेल्यास एका दिवसांत तीं रणभूमि पाहून परत येतां येतें. येत्या सुटींत घरांतील खेळाडूंस घेऊन एकदां केळणेच्या कांठीं जावें, कोणता उतार, कोणती बगल, तोफा कोठें असाव्यात, हें त्यांच्याकडूनच समजून घ्यावें, आणि मग त्या दिवशीं तेथें पडलेल्या माणसांविषयीं त्यांना सांगावें.