बर्फावरची हॉकी

आपल्याकडे बर्फ म्हणजे गोळेवाल्याच्या गाडीवरचा. लडाखमध्ये हिवाळ्यात तळी गोठतात आणि पोरी त्यावर हॉकी खेळतात. बुटांना पोलादी पाती, हातात काठी. चेंडूऐवजी कडक रबराची चपटी चकती, कारण ती घसरत जाते. गोलरक्षक धरून सहा जणी मैदानात. दम इतका लागतो की मिनिटभरात खेळाडू बदलावी लागते. अडचण बर्फाचीच. तो जेमतेम दोन महिने टिकतो, त्यात मैदान आधी मुलांना मिळायचं! तरी २०१६ साली भारताचा महिला संघ तैपेईला पहिल्यांदा परदेशी संघांशी खेळला आणि हरला. पुढच्याच वर्षी बँकॉकला त्यांनी फिलिपिन्सला ४-३ असं हरवलं. २०२५ च्या आशिया चषकात कांस्यपदक आणलं. संघात बहुतेक पोरी लडाखच्याच.