खडा पडला? फेकू नका!

होस्टेलवर रात्री दोनला कुणाच्या तरी कमरेत कळ उठते. रूममेट त्याला बाइकवर मध्ये बसवून सांगली-मिरजेत दवाखाना गाठतात, इंजेक्शन मिळतं आणि दोन-तीन दिवसांनी तांदळाच्या कणीएवढा मुतखडा पडतो. "सुटलो बाबा!" म्हणत पठ्ठ्या तो फ्लश करून टाकतो. चूक इथंच होते.

कारण खडा कसा आहे, यावरून तो का झाला हे बरंचसं कळतं. बहुतेक खडे कॅल्शियम ऑक्झॅलेटचे. त्यातला एक प्रकार गडद तपकिरी आणि लय टणक. दुसरा पिवळट, टोकदार, तुलनेनं लवकर फुटणारा. लघवी आम्लधर्मी राहिली की युरिक ॲसिडचा पिवळा-नारिंगी खडा होतो. साध्या एक्स-रेत तो सहसा दिसत नाही, पण औषधानं विरघळू शकतो. जंतुसंसर्गातून होणारा खडा तर कोयनेच्या जंगलातल्या सांबराच्या शिंगासारखा मूत्रपिंडात फांद्या पसरतो. सुश्रुतसंहितेतही एक खडा बिब्ब्याच्या बीसारखा, दुसरा कदंबाच्या फुलासारखा काटेरी, असं वर्णन आहे. तेही सूक्ष्मदर्शक नसताना!

आता कारण. साताऱ्यातलं माण-खटाव असो की सांगलीतलं जत-आटपाडी, लोक बोअरच्या खाऱ्या पाण्याकडे बोट दाखवतात. पण पाणी जड असल्यानंच खडे होतात, असं ठामपणे सिद्ध झालेलं नाही. पाणी किती पिता, हे जास्त महत्त्वाचं. उन्हात घाम जातो, लघवी घट्ट होते आणि पाक घट्ट झाल्यावर साखर धरावी तसे क्षारांचे स्फटिक धरतात. मुलींची तर वेगळीच अडचण. स्टँडवरचं, कॉलेजातलं स्वच्छतागृह नको म्हणून कित्येकजणी दिवसभर पाण्याला तोंड लावत नाहीत. त्यांना "पाणी पी गं" सांगण्याआधी स्वच्छतागृह धुऊन द्यायला हवं.

कॅल्शियमचं नाव ऐकून दूध सोडू नका. जेवणातलं कॅल्शियम पालकातलं ऑक्झॅलेट आतड्यातच पकडून ठेवतं. कमी करायचं ते मीठ. त्यानं लघवीतून कॅल्शियम जास्त जातं. लिंबातलं सायट्रेट उपयोगी, म्हणून सरबत प्या, पण बिनमिठाचं आणि कमी साखरेचं.

पाच मिलिमीटरच्या आतले बहुतेक खडे आपोआप पडतात. कळ येऊन गेली की काही दिवस लघवी गाळणीतून करा, खडा डबीत ठेवा आणि तपासणीसाठी डॉक्टरांना द्या. कळेबरोबर थंडी-ताप आला, तर सकाळची वाट न पाहता दवाखाना गाठा.