प्रश्न विचारायचा आणि थांबायचं

'शॉपलिफ्टर्स'मधला चौकशीचा प्रसंग मी पुन्हा पुन्हा पाहते. मुलं तुला काय म्हणून हाक मारायची, असं पोलीस अधिकारी विचारते. अभिनेत्री साकुरा आन्दोला उत्तर सापडत नाही. डोळे भरून येतात, ती तळव्यानं पुसते, हात तसाच केसांपर्यंत नेते, पुन्हा पुसते. हे प्रश्न तिला आधी ठाऊक नव्हते. दिग्दर्शक हिरोकाझू कोरेएदा ते फळ्यावर लिहून फक्त समोरच्या अभिनेत्रीला दाखवत होते. २०१८ साली कान महोत्सवात पाम द'ओर मिळालेल्या या चित्रपटात मला सर्वांत मोलाची वाटते ती ही रीत.

तिचं मूळ माहितीपटांत आहे. नागानो प्रांतातल्या इना इथल्या प्राथमिक शाळेत एका वर्गानं कालवड पाळली होती. ती मोठी झाली, गाभण राहिली, पण वासरू मेलेलं जन्मलं. मुलं रडली. गाईचं दूध मात्र काढावंच लागे, आणि ते प्यायला मुलांना आवडेही. तरुण कोरेएदांनी हे सगळं टिपलं. असा प्रसंग टेबलाशी बसून सुचत नाही. पुढे 'आफ्टर लाइफ'साठी त्यांनी सुमारे ५०० माणसांना गाठून, मरणानंतर एकच आठवण जवळ ठेवता आली तर कुठली ठेवाल, हे विचारलं. त्यांतली काही माणसं चित्रपटात स्वतःच बोलतात.

'नोबडी नोज'मध्ये आईनं सोडून दिलेली चार भावंडं आहेत. मुलांच्या हाती संहिता नव्हती. संवाद त्या त्या वेळी तोंडी सांगायचे. चित्रण ऋतूंमागून क्रमानं चाललं, त्यात थोरला यूया यागिरा उंच झाला, त्याचा आवाज फुटला. २००४ साली कानमध्ये सर्वोत्तम अभिनेता ठरला तेव्हा तो १४ वर्षांचा होता.

कोरेएदांना हळुवार म्हणतात, ते मला पुरेसं वाटत नाही. स्वतःची आई गेल्यावर त्यांनी केलेला 'स्टिल वॉकिंग' पाहा. किरिन किकीनं साकारलेली आई मक्याचे दाणे पिठात घालून तळते, तेल उडतं, पोरंबाळं भोवती जमतात. बुडणाऱ्या एका मुलाला वाचवताना तिचा थोरला गेला. वाचलेल्याला ती दरवर्षी जेवायला बोलावते. का, ते ती रात्री विणता विणता सांगते: वर्षातून एकदा तरी त्यालाही सोसू दे. तिचा राग करावा म्हटलं तरी जमत नाही, कारण सकाळपासून तिचा स्वयंपाक आपण जवळून पाहिलेला असतो.