निरर्थक शब्द आणि नवा ठेका

आंजर्ल्याच्या पुळणीवर खेळणारी मुले राज्य कोणावर येणार हे ठरविण्यासाठी जी गणना म्हणतात, तिच्यातील बऱ्याच शब्दांना अर्थ नसतो. गणना चालते ती ठेक्यावर. रॉक अँड रोल हे अमेरिकन संगीत आपल्या चित्रपटगीतांत याच वाटेने शिरले, असे दाखविण्याचा येथे प्रयत्न आहे.

कृष्णवर्णीयांचे ऱ्हिदम अँड ब्लूज आणि दक्षिणेकडील गोऱ्यांचे कंट्री संगीत यांच्या संयोगातून ते घडले. बिल हेली यांचे ‘रॉक अराउंड द क्लॉक’ १९५४ मध्ये ध्वनिमुद्रित झाले व १९५५ च्या ‘ब्लॅकबोर्ड जंगल’ या चित्रपटामुळे सर्वतोमुखी झाले. चार ठोक्यांपैकी दुसऱ्या व चौथ्या ठोक्यावर जोर, हे या संगीताचे प्रमुख लक्षण होय. इंग्रजी ही आघातप्रधान भाषा असल्यामुळे तिला हा जोर सहज मानवतो. मराठी-हिंदी पद्यरचनेत मात्र ऱ्हस्वदीर्घत्वाला अधिक महत्त्व; अर्थवाही शब्दांवर असा जोर लादल्यास त्यांची ओढाताण होते. निरर्थक अक्षरांना ही अडचण नाही. खुद्द अमेरिकेतही लिटल रिचर्ड यांनी ‘टुटी फ्रुटी’च्या (१९५५) आरंभी ढोलाचे बोल अशाच अक्षरांत उतरविले होते.

पुणतांब्यास जन्मलेले संगीतकार सी. रामचंद्र (रामचंद्र नरहर चितळकर) यांनी ‘आशा’ (१९५७) या चित्रपटातील ‘ईना मीना डीका’ या गीतात हेच केले. मुलांच्या खेळातील गणनेवरून ते सुचले, असे सांगतात. किशोर कुमार व आशा भोसले यांनी स्वतंत्रपणे गायिलेले हे गीत इंग्रजीचा गंध नसलेल्यांनाही आपले वाटले. कारण त्यात कळावयाचे असे काही नव्हतेच.

पण ते सर्वस्वी निरर्थक आहे काय? त्यात ‘मला नको’ या अर्थाचे कोकणी शब्द येतात. ते तेथे कसे आले, याचे उत्तर वाद्यवृंदात शोधावे लागते. गोव्यातील चर्चच्या शाळांतून पाश्चात्य स्वरलिपी शिकलेले वादक मुंबईत हॉटेलांतून जाझ वाजवीत आणि चित्रपटांसाठीही काम करीत. आल्दोन्याचे ट्रम्पेटवादक चिक चॉकलेट (आंतोनियो झेवियर वाझ) हे सी. रामचंद्र यांचे साहाय्यक होते; ‘अलबेला’त (१९५१) तर ते आपल्या वाद्यवृंदासह पडद्यावरही दिसतात. अशा बहुसंख्य वादकांची नावे मात्र श्रेयनामावलीत आली नाहीत.

म्हणून निरर्थक मानलेले शब्द अभ्यासकाने सोडून देऊ नयेत. हिंदी श्रोत्याला जो केवळ नाद वाटला, तो कोकणी श्रोत्याला अर्थ होता. आणि नामावलीत ज्यांना जागा मिळाली नाही, त्यांची भाषा गीतात राहून गेली आहे.