सशाचा पाय : गादीऐवजी केस

कुत्र्या-मांजरांच्या तळपायाला असते तशी गादी सशाला नसते. तिथे दाट केसांचा थर असतो. सशाचं उभं राहणं, बसणं, पळणं या रचनेवरच बेतलेलं आहे.

बोटं : पुढच्या पायांना प्रत्येकी ५, मागच्यांना ४. नखं मांजरासारखी आत ओढून घेता येत नाहीत.

बसताना : पुढचे पाय बोटांवर टेकतात. मागचे मात्र बोटांपासून टाचेपर्यंत जमिनीला लागलेले असतात.

पळताना : टाच उचलली जाते, भार बोटांवर येतो आणि नखं मातीत रुततात. भरधाव धावताना मागचे पाय पुढच्या पायांच्याही पुढे पडतात. म्हणूनच झेप लांब जाते.

कठीण फरशीवर : नखं रुतत नाहीत, भार टाचेकडे सरकतो. केस झिजतात, कातडी लाल होते आणि पुढे जखमा होतात. जाळीच्या तळाचा पिंजरा, ओल, लठ्ठपणा आणि वाढलेली नखं यांमुळे हा त्रास बळावतो. आखूड केसांच्या रेक्स जातीला तो अधिक होतो.

घरी ससा असेल तर : त्याच्या वावरण्याच्या जागी कोरडं गवत किंवा जाड सतरंजी अंथरा. नखं वेळच्या वेळी कापा. तळपाय नियमित तपासा. केस गेलेले किंवा कातडी लाल दिसली, तर पशुवैद्यांना लगेच दाखवा. ससा वेदना लपवतो, त्यामुळे तो लंगडण्याची वाट पाहू नका.